अर्ध्या नदीपर्यंत

फेरीबोट धक्क्याला आपटली तशी सगुणच्या हातातली साखळी खुळखुळली. त्याने मान वर केली नाही. नुसत्या आवाजावरून त्याला कळलं, की कृष्णनाथने आजही बोटीचं नाक सरळ धक्क्यावर धरलं होतं. ओहोटी लागून दीड तास झाला होता. या वेळेला चोपड्याच्या काठाजवळ पाणी समुद्राकडे जोरात ओढतं. बोट धक्क्याच्या वरच्या कोपऱ्यावर नेम धरून आणायची, म्हणजे पाणीच तिला खाली सरकवत मधोमध आणून ठेवतं. कृष्णनाथ केरीच्या फेरीवरून बदलून आलेला तांडेल. हाताला त्या नदीची सवय, आणि सहा महिने झाले तरी ती सुटत नव्हती.

भिकाजी खलाशाने लोखंडी फाळका खाली सोडला. सगुणने साखळी काढून बाजूला धरली. आधी पायी माणसं उतरली, मग मागे पावाची टोपली बांधलेली पोदेराची सायकल, मग स्कूटरी. शेवटच्या स्कूटरवर काळा कोट घातलेल्या पद्मावतीबाई होत्या. त्या शिवोलीच्या, म्हापशात वकिली करायच्या आणि आठवड्यातून दोनदा नदी ओलांडून पेडण्याच्या बाजूला कामाला यायच्या. दहा वर्षं त्या सगुणच्या बोटीतून ये-जा करत होत्या, पण दोघांचं बोलणं पाऊस आणि पाणी यापलीकडे कधी गेलं नव्हतं.

त्यांनी स्कूटर त्याच्याजवळ थांबवली.

"सगुणबाब, पावसाच्या आदीसून बघतंय, तुमी धक्क्यारच उभे. बोट सोडली काय?"

"सोडूक नाय, बाय. सुटली."

"बदली झाली?"

"बदली न्हय," सगुण म्हणाला. "अट."

मागून टेम्पोवाल्याने हॉर्न वाजवला. अट हा शब्द पद्मावतीबाईंच्या धंद्यातला होता, आणि तो या माणसाच्या तोंडी कसा आला हे त्यांना पटकन उमजलं नसावं. चार वाजता परत येते, कागद असेल तर काढून ठेवा, एवढं सांगून त्या निघून गेल्या. सगुणने साखळी पुन्हा आकड्यात अडकवली.

गोवा घटक राज्य झालं त्या पावसाळ्यात सगुण खलाशी म्हणून नोकरीला लागला. चार वर्षांनी परीक्षा देऊन तांडेल झाला, आणि त्यानंतरची दहा वर्षं बोटीच्या चाकाशी उभा राहिला. चोपडे ते शिवोली, शिवोली ते चोपडे. हा काठ पेडणे तालुक्यातला, तो बार्देसमधला. नदी ओलांडायला आठ मिनिटं, दिवसाला पंधरा खेपा. त्याच्या वर्गातले काही मुंबईला गेले, एक दुबईला गेला. सगुण रोज घराबाहेर पडायचा आणि रोज त्याच दोन धक्क्यांमध्ये फिरून घरी यायचा. त्याला त्यात काही कमी वाटलं नव्हतं.

आपलं काम चांगलं झालं की नाही हे ओळखायची त्याची एक खूण होती. बोटीत माणसं बोलत असतात. मासळीचा भाव, कुणाच्या मुलीचं लग्न, मुलाची नोकरी. बोट धक्क्याला लागताना ते बोलणं तुटलं नाही, चाललेलं वाक्य तसंच पुढे गेलं, तर बोट नीट लागली. दहा वर्षांत त्याच्या हातून फार थोडी वाक्यं तुटली होती. ही गोष्ट त्याने कुणाला सांगितली नव्हती. फक्त गौरवीला, त्याच्या मुलीला, ती माहीत होती. ती म्हापशाच्या कॉलेजात बी. एस्सी. करत होती आणि रोज सकाळी चाकाच्या खोलीला टेकून उभी राहायची.

मार्चमध्ये शिगम्याच्या पालखीला जे झालं ते पाच मिनिटांत झालं. गावात दोन वांगडं, म्हणजे कुळांचे दोन गट. पालखी आधी कुठल्या वाड्यावर वळवायची यावरून त्यांचा वाद जुना, दर वर्षी थोडी बाचाबाची व्हायची आणि मिटायची. त्या वर्षी मिटली नाही. काठ्या निघाल्या, कुणीतरी लोखंडी सळी आणली. पालखीच्या पुढच्या उजव्या दांड्याखाली सगुणचा खांदा होता. देवाची पालखी नेमलेल्या दगडाखेरीज कुठे टेकवत नाहीत. चौघं खांदेकरी दांडा धरून जागच्या जागी उभे राहिले आणि मारामारी त्यांच्या भोवतीने झाली. सगुणच्या पाठीवर दोन काठ्या बसल्या. दांडा हलला नाही. समोरच्या वांगडातल्या एकाच्या गळ्याजवळचं हाड सळीने मोडलं. सळी कुणाची हे कुणालाच नीट दिसलं नाही. तक्रारीत त्याने आठवतील तेवढी अकरा नावं घातली. सगुणचं नाव चौथं होतं, कारण अख्ख्या गोंधळात एकाच जागी उभा असलेला तो सगळ्यांना नीट दिसला होता.

एक रात्र कोठडीत काढल्यावर दुसऱ्या दिवशी अकराही जणांना जामीन मिळाला. सगुणला जामीन राहिला भिकाजी. कागद इंग्रजीत होते आणि अकराही एकसारखे. सगळ्यांच्या मिळून एकाच वकिलाने कोर्टाच्या व्हरांड्यात अटी वाचून दाखवल्या. प्रत्येक तारखेला हजर राहायचं. तक्रारदाराशी आणि साक्षीदारांशी बोलायचं नाही. खटला संपेपर्यंत कोर्टाच्या परवानगीशिवाय पेडणे तालुका सोडून जायचं नाही. दहा जणांनी मान हलवली. सगुणने विचारलं, नदीचं कुठलं पाणी पेडण्याचं?

वकील हसला. म्हणाला, तू कामावर जा रे, नदीत कोण बघायला येतो.

सगुणला ते उत्तर आवडलं नाही. त्याने खाली सही केली होती, आणि त्याच्या सहीच्या खाली भिकाजीची होती. दुसऱ्या दिवशी त्याने धक्क्यावरच्या सुपरवायझरला सगळं सांगितलं. सुपरवायझरने बराच वेळ डोकं खाजवलं. असा प्रसंग त्यांच्याही नोकरीत आला नव्हता. शेवटी त्यांनी केरीहून एक तांडेल मागवून घेतला आणि सगुणला साखळी दिली. बोट लागेपर्यंत वाहनं धक्क्याच्या उतारावर जाऊ नयेत म्हणून ती धरायची असते. ते काम आजवर रिकामा असेल तो करायचा.

"पेडणा खंय सोपता ता पाण्यात कोणी लिवून ठेयलां?" भिकाजी पहिल्या आठवड्यात म्हणाला होता.

"पलीकडे इगर्जीमागचे दोन माड बघ," सगुण शिवोलीच्या चर्चकडे बोट करत म्हणाला. "मधोमध गेल्यार ते एकाआड एक येतत. दोनाचो एक दिसता. थंय तालुको सोपलो."

"मगे असां कर. थंयसर बोट चलव, चाक माझ्याकडे दी आणि उडी मार. मी परत येयसर पोहत रव."

"मोडली अट तर तुका बोलवतले, भिका."

"बोलवंदेत. कोर्टात पंखो आसा."

पण सगुणने ऐकलं नाही. ताराचंही ऐकलं नाही. त्याच्या बायकोचं म्हणणं साधं होतं. परवानगीशिवाय जायचं नाही असं लिहिलंय, तर परवानगी मागा. सगुणला ते जमत नव्हतं, आणि का जमत नव्हतं हे त्याला तरी धड कुठे सांगता येत होतं. गावात देवाला कौल लावतात. मूर्तीला ओल्या फुलांच्या पाकळ्या चिकटवतात, उजवी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. एकदा मिळालेला कौल त्याच प्रश्नासाठी पुन्हा मागत नाहीत. मागणं म्हणजे देवावर विश्वास नाही असं म्हणणं. उंच जागेवर बसलेल्या एका माणसाने कागदावर आपल्याबद्दल काहीतरी ठरवलं, आपण खाली सही केली, आता त्यालाच जाऊन पुन्हा विचारायचं, हे सगुणच्या मनाला पटेना.

"देवाक परत विचारीत नाय, ता खरां," तारा म्हणाली होती. "पण मॅजिस्ट्रेट काय देव नाय ओ. तेंका दुपारची भूक लागता."

घराच्या खिडकीतून नदी दिसायची, आणि नदीत उभे राहत असलेले पुलाचे खांब.

खरी टोचणी त्या खांबांची होती. खटला दहा वर्षं चालला असता तरी सगुणने साखळी धरली असती. पण पूल दोन्ही काठांकडून नदीच्या मध्याकडे येत होता, आणि तो जोडला गेला की ही फेरी बंद होणार हे सगळ्यांना माहीत होतं. डिसेंबर, फार तर जानेवारी. सगुणला दुसरं काही नको होतं. फेरी बंद होण्याआधी त्याला चाकावर परत जायचं होतं, आणि तेही चोरून नाही.

चार वाजता पद्मावतीबाई आल्या. सगुणचं घर धक्क्यापासून पाच मिनिटांवर, त्या घरीच आल्या. ताराने चहा केला. सगुणने पत्र्याच्या पेटीतून प्लॅस्टिकच्या पिशवीत घातलेला कागद काढला. पद्मावतीबाईंनी तो एकदा भरभर आणि एकदा हळू वाचला.

"मार्चसून तुमी एकदाय पलीकडे जाऊक नाय?"

"नाय."

"एकदाय?"

"मावशीच्या दिसांक सुद्धा नाय," तारा मधेच म्हणाली. शिवोलीची मावशी जुलैत वारली होती. सगुण या काठावर उभा राहून धूर बघत होता. हे ताराने सांगितलं नाही.

पद्मावतीबाईंनी कागद मांडीवर ठेवला आणि बोलायला लागल्या. घाईत नव्हत्या. जामीन म्हणजे शिक्षा नव्हे, त्या म्हणाल्या. माणसाचा गुन्हा अजून ठरलेला नसतो. अट घालायला कोर्टाला मुभा आहे, पण ती मोकाट नाही. माणूस तारखेला यावा, त्याने साक्षीदारांना हात लावू नये, पुन्हा तसलं काही करू नये, तपासाला अडथळा आणू नये, असल्या कामांसाठी अट घालायची. त्यापलीकडे जाऊन माणसाला धडा शिकवायचा, त्याचं पोट बांधायचं, त्याला गावातच कोंडायचं, हे अटीचं काम नाही. बाहेर सोडलं म्हणायचं आणि बाहेर जगता येऊ नये असं करायचं, तर मग जामीन दिला कशाला?

"ही अट अकराही जणांक एकच घातल्या," त्या म्हणाल्या. "धा जणांक ती जड जाऊक नाय. भाटांत काम, दुकानात काम. तुमच्या कामाची वाट मात्र अर्ध्या नदीतसून जाता. ही गजाल कोणी कोर्टाक सांगलीच नाय. तुमच्या वकिलानूय नाय."

"सही केली मी, बाय."

"तुमी सही केली, म्हणान तुमी पाळल्यात. बरां केलात. पण चुकलेली अट बदलून घेवचो हक्कय कायद्यान दिलो आसा. वरच्या कोर्टात अर्ज करूचो. ही अट काडा म्हणान सांगूचां."

मग सगुणने तो प्रश्न विचारला जो त्याने व्हरांड्यातल्या वकिलाला विचारला नव्हता.

"एकदा दिल्लो कौल परत मागल्यार कोर्ट रागावत नाय?"

पद्मावतीबाई हसल्या नाहीत. "कोर्टाचो कौल परत मागूक जाता, सगुणबाब," त्या म्हणाल्या. "तेच्यासाठीच वर एक कोर्ट ठेयलां."

त्याने वकीलपत्रावर सही केली. सहीला बराच वेळ घेतला.

अर्ज पणजीच्या सेशन्स कोर्टात गेला. पहिल्या तारखेला सरकारी वकिलांनी मुदत मागितली. दुसऱ्या तारखेला न्यायाधीश रजेवर होते. दोन्ही वेळा पद्मावतीबाईंनी बोटीतून उतरता उतरता बातमी सांगितली, आणि सगुणने साखळी बाजूला धरून ती ऐकली. पणजी तालुक्याबाहेर. आपल्याच अर्जाच्या सुनावणीला त्याला जाता येत नव्हतं. पद्मावतीबाई म्हणाल्या होत्या, तेवढ्या एका दिवसाची परवानगी घेते. तो म्हणाला, नको, एका वेळेला एकच मागूया.

दर शुक्रवारी म्हापशाच्या बाजाराला जायला पांडुरंग दुकानदार धक्क्यावर यायचा. अकरा जणांत त्याचं नाव दुसरं. त्याच्या हातात दोन रिकाम्या पिशव्या असायच्या आणि तोंडात काहीतरी तयार असायचं.

"सगुणा, कोर्टान तुका नदीचो राखणदार केल्यान मरे," एका शुक्रवारी तो म्हणाला. "पाणी चोरून नेतत काय कोण?"

"तुझ्या कागदात पण तीच अट आसा, पांडू."

"आसा तर. कागद घरात आसा, मी हंय आसंय. दोघां आपापल्या जाग्यार." बोटीतले लोक हसले. "बाजारातसून काय हाडू तुका? तिकडची माती?"

सगुणने साखळी सोडली. पांडुरंग बोटीवर चढला, आणि त्याच्या मागून त्याच गुन्ह्यातले आणखी दोघं. त्यांच्याही मागून पोलीस ठाण्याचा हवालदार चढला, त्यालाही बाजार होता. सगुणने चौघांनाही नमस्कार केला. मग वाहनं येऊ नयेत म्हणून साखळी लावली आणि बोट मागे सरकताना बघत राहिला. कृष्णनाथने नाक वळवायला उशीर केला. पाणी बोटीला हवं तिकडे घेऊन गेलं, आणि ती नदीत मोठी वळसेदार रेघ काढत गेली. इगर्जीमागचे माड त्याला धक्क्यावरून दोन दिसत होते. गेले आठ महिने ते दोनच होते.

पुलाच्या दोन टोकांमधलं अंतर नोव्हेंबरात बारा मीटर राहिलं. तो आकडा गौरवीने सांगितला. ती रोज बोटीतून खालून बघायची.

तिसऱ्या तारखेला गौरवी पद्मावतीबाईंबरोबर पणजीला गेली. संध्याकाळच्या बोटीने परत आली ती चाकाच्या खोलीजवळ न थांबता सगळ्यात पुढे फाळक्यापाशी उभी होती. बोट आपटली तेव्हा तिने कठडा धरला. तिने वाहनं उतरू दिली, मग सगुणच्या हातातली साखळी स्वतः आकड्यात अडकवली.

"काडली," ती म्हणाली.

मग तिने सगळं सांगितलं. पोलिसांतर्फे सांगितलं गेलं, की आरोपी तालुक्याबाहेर गेला तर पळून जायची भीती आहे. न्यायाधीशांनी विचारलं, फेरीबोट चालवणं म्हणजे तालुक्याबाहेर जाणं होतं का? पोलिसांचा अधिकारी म्हणाला, होतं, अर्धी नदी बार्देसची. न्यायाधीशांनी विचारलं, मग मार्चपासून हा माणूस किती वेळा पलीकडे गेला? अधिकाऱ्याने कागद चाळले. म्हणाला, तशी काही नोंद नाही. पद्मावतीबाई उठून म्हणाल्या, एकदाही नाही, आणि धक्क्यावरच्या सुपरवायझरचं पत्र पुढे केलं.

"मगे न्यायाधीश जरा हसले, पप्पा. म्हणाले, जो मनीस अर्धी नदीसुद्धा ओलांडणत नाय, तो पळून खंय जातलो?"

अटीचा उपयोग जिथे संपतो तिथे अटही संपली पाहिजे, असं काहीतरी त्यांनी पुढे लिहायला सांगितलं होतं. गौरवीला ते शब्द नीट आठवत नव्हते. तारखेला हजर राहायचं आणि साक्षीदारांशी बोलायचं नाही, या अटी राहिल्या. तालुक्याची गेली.

भिकाजी फाळका ओढता ओढता ओरडला, की ये वर, ही खेप तूच घेऊन चल, कृष्णनाथ कंटाळलाय. कृष्णनाथने खरंच चाक सोडून बाजूला व्हायची तयारी दाखवली. चांगला माणूस होता. सगुणने एक पाय उचलला, आणि गौरवीकडे वळून विचारलं, कागद कुठे आहे?

कागद मिळायला आठ दिवस लागणार होते. शिक्का, नक्कल, सह्या.

"कोर्टान तोंडान सांगलां मां?" भिकाजी म्हणाला.

"घातली ती कागदावर घातली," सगुण म्हणाला. "कागदावरच काडूंदे."

गौरवीने बापाकडे बघितलं. त्या क्षणी तिला त्याचा राग आला असावा. ती घराकडे चालू लागली, आणि थोडं गेल्यावर परत फिरून साखळीजवळ येऊन उभी राहिली. पुढची बोट येईपर्यंत दोघं तिथेच होती.

पूल सहाव्या दिवशी सुरू झाला. मंडप, फुलं, भाषणं, सगळं पलीकडच्या काठाला होतं. या काठाला लाउडस्पीकरचा आवाज तुटक तुटक येत होता. त्या संध्याकाळी सहाच्या खेपेला बोटीत सात माणसं होती, त्यातली चार केवळ शेवटची खेप म्हणून आली होती. एका म्हातारीने बोटीच्या लोखंडाला हात लावून नमस्कार केला. सगुणने साखळी धरली. कृष्णनाथने बोट आणली, आणि ती आपटली. उतरणाऱ्यांपैकी एकाचं वाक्य मधेच तुटलं, ते त्याने मग पुरं केलंच नाही.

दोन दिवसांनी पद्मावतीबाई स्कूटरवरून थेट सगुणच्या दारात आल्या. पुलावरून यायला तीन मिनिटं लागली, त्या म्हणाल्या, आणि आपण काहीतरी भलतंच बोलून गेलो असं त्यांना वाटलं. त्यांनी कागद पुढे केला. सगुणने तो दोन्ही हातांनी घेतला. शिक्का निळा होता. त्याने तो पेटीतल्या पिशवीत न ठेवता खिशात ठेवला.

पांडुरंगला वास लागला होताच. तो कुंपणापाशी येऊन उभा राहिला आणि विचारू लागला, की आता आमचीही अट गेली ना?

"सगुणबाबची गेली," पद्मावतीबाई म्हणाल्या. "तेंनी अर्ज केल्लो. तुमची आसा."

"म्हणजे मी म्हापशाक जावचां नाय?"

"कायद्यान नाय."

"आणि हो जावक शकता?"

"तो जावक शकता."

दुसऱ्या दिवशी शुक्रवार होता. पांडुरंग पुलावरून बसने गेला खरा, पण भिकाजीने नंतर सांगितलं, की नदी येईपर्यंत तो बसमध्ये खाली वाकून बसला होता.

सुपरवायझरने सगुणला बोलावलं ते सोमवारी. बोट आता दुसऱ्या नदीवर द्यायची होती. ती समुद्रातून न्यावी लागणार, आणि या शापोरा नदीच्या मुखाशी वाळूचा बांध आहे. तो पाण्याखाली सरकत असतो. कृष्णनाथला तिथली वाट माहीत नव्हती. या धक्क्यावरच्या तांडेलांपैकी बोट दुरुस्तीला नेऊन ती माहीत झालेला एकच होता. सुपरवायझर खाली बघत म्हणाले, की खात्याचा माणूस म्हणून सांगतोय, पण तुला नको असेल तर मी दुसरं काही बघतो.

"भरती कधी?" सगुणने विचारलं.

मंगळवारी सकाळी पाणी पूर्ण चढून थांबलं होतं. ते फिरायच्या आधीची ती वीस मिनिटं नदी कुठेच जात नाही. बांधावर पाणी जास्तीत जास्त असतं ते याच वेळी, म्हणून निघायचं ते आत्ता. बोटीवर सगुण, भिकाजी, इंजिनवाला आणि कृष्णनाथ. कृष्णनाथ आता प्रवासी होता, कठड्यावर बसला होता आणि जरा सैलावलेला दिसत होता. तारा डबा घेऊन धक्क्यावर आली होती.

"परत कशे येतले?" तिने विचारलं.

"बशीन."

"पुलावरसून?"

"मगे आणि खंयसून?"

तारा हसली. डबा भिकाजीच्या हातात देऊन ती साखळीपाशी गेली. साखळी लावलेलीच होती. रोजच्या सवयीने सगुण ती काढायला खाली उतरणार, इतक्यात ताराने ती आकड्यातून सोडवली आणि दोन्ही हातांत धरून बाजूला उभी राहिली. मागे एकही वाहन नव्हतं.

सगुणने चाकावर हात ठेवले. लाकूड त्याच्या हाताच्या जागी गुळगुळीत होतं आणि दुसऱ्याच्या हाताच्या जागीही थोडं गुळगुळीत झालं होतं. भिकाजीने फाळका वर घेतला.

"पळू नको हां सगुणा," तो म्हणाला. "सही माजी आसा."

बोट मागे सरकली, वळली. सगुणने नाक वरच्या अंगाला धरलं नाही; पाणी स्थिर होतं, त्याची गरज नव्हती. नदीचा खोल भाग शिवोलीच्या बाजूने जातो, समुद्राकडे जायचं तर आधी मध्य ओलांडावाच लागतो. मागे पुलावरून म्हापशाची बस जात होती. गौरवी कॉलेजला त्याच बसने जायची. ती कुठल्या बाजूला बसली असेल ते त्याला माहीत नव्हतं. त्याने मागे बघितलं नाही.

कृष्णनाथ भिकाजीला केरीच्या समुद्रातल्या मासळीबद्दल काहीतरी सांगत होता. गेल्या वर्षी बांगडा कसा काठापर्यंत आला होता, बायकांनी लुगड्याच्या ओच्यात कसा भरून नेला होता. इगर्जीमागचे दोन माड एकमेकांकडे सरकू लागले. सगुणचा एक हात खिशाकडे गेला, कागद होता तिथे, आणि परत चाकावर आला. माड एकाआड एक आले. क्षणभर एकच माड दिसला, नेहमीपेक्षा थोडा जाड. मग त्याच्या आडून दुसरा हळूहळू बाहेर आला.

कृष्णनाथ अजून बोलत होता. त्याचं वाक्य तुटलं नव्हतं.